समुद्राखालचं माहेर

बैठकीला सतरंजीवर बसलेल्या तायांनो, मावश्यांनो, आज्यांनो, आणि चुलीपाशी रेडिओ लावून भाकरी थापणाऱ्या सगळ्याजणींनो, आम्हा समन्वयकांचा तुम्हाला रामराम.

या वेळेला एरवी आपण व्याजाचा हिशेब, शेळ्यांचं लसीकरण, लोहाच्या गोळ्या असं काही बोलतो. आज आम्ही मत्स्यकन्येची गोष्ट आणली आहे. झालं असं, की सुट्टीत पोरींनी मोबाइलवर मत्स्यकन्येचा पिक्चर पाहिला आणि आया आम्हाला विचारायला लागल्या, की ही बाई अर्धी मासा का, आणि मधूनच ती बोलायची बंद का होते? आम्ही मूळ गोष्ट मिळवून वाचली. मग गटांच्या बैठकीत, वसुली आणि सह्या उरकल्या की, थोडी थोडी सांगत गेलो. चार बैठका लागल्या. कर्ज कोणाला आधी द्यायचं यावर जेवढा आवाज चढतो, त्याहून जास्त या गोष्टीवर चढला. म्हणून आज ती रेडिओवर.

गोष्ट डेन्मार्क देशातली. युरोपच्या उत्तरेला, समुद्राने वेढलेला हा छोटा देश. हान्स ख्रिश्चन अँडरसन नावाच्या लेखकाने ती रचली आणि १८३७ साली कोपनहेगन या राजधानीत ती छापली गेली. आपल्या सावित्रीबाई तेव्हा सहा वर्षांच्या होत्या, म्हणजे काळ लक्षात येईल.

आधी त्या समुद्राखालच्या राज्याबद्दल सांगतो, कारण पिक्चरमध्ये ते नीट कळत नाही. किनाऱ्यापासून फार लांब, जिथे जहाजाचा नांगर तळाला पोचत नाही, तिथे खाली समुद्राच्या राजाचा वाडा आहे. भिंती पोवळ्याच्या. खिडक्या पिवळ्या पारदर्शक अंबराच्या. अंबर म्हणजे झाडाचा डिंक लाखो वर्षं जमिनीत राहून दगडासारखा होतो तो. डेन्मार्कच्या किनाऱ्यावर वादळानंतर तो सापडतो. छप्पर शिंपल्यांचं, आणि पाणी हलेल तसे ते शिंपले उघडतात आणि मिटतात. आपल्या घरात चिमण्या शिरतात तसे त्या वाड्यात खिडकीतून मासे शिरतात आणि मुलींच्या हातातलं खातात.

राजा विधुर आहे. घर चालवते त्याची म्हातारी आई. ही आजी आमच्या बायकांना फार आवडली. हुशार बाई, नातींवर जीव टाकणारी, पण मोठेपणाची हौस दांडगी. आपल्या शेपटीवर ती बारा कालवं लावून मिरवते. बाकीच्या खानदानी बायकांना सहाच लावायची परवानगी! आमच्यात एकजण कोकणातून लग्न होऊन आलेली आहे. ती म्हणाली, "कालवं फोडताना आमचे हात कापायचे, आणि ही ती अंगावर दागिना म्हणून लावते?" गोष्टीतही ते दुखतंच. धाकटी नात मोठी झाली तेव्हा आजीने तिच्या शेपटीला आठ कालवं चिकटवली. पोरगी म्हणाली दुखतं, तर आजीचं उत्तर असं, की मानाचं लेणं ल्यायचं तर दुखणारच. यावर सगळ्या हसल्या. नाक टोचलेल्या आणि जड जोडवी घातलेल्या बायकांना वेगळं समजावून सांगायची गरज पडली नाही.

राजाच्या सहा मुली. प्रत्येकीला बागेत स्वतःचा एकेक तुकडा दिलेला, तिथे तिने हवं ते लावावं. एकीने आपल्या वाफ्याला देवमाशाचा आकार दिला, एकीने मत्स्यकन्येचा. धाकटीने गोल केला, सूर्यासारखा, आणि सगळी लाल फुलं लावली. हा वाफा आम्ही मुद्दाम सांगतो आहोत. मुलीच्या नावाचा जमिनीचा तुकडा, आणि त्यात काय पिकवायचं हे ती ठरवणार. गोष्टीत ही अगदी साधी बाब म्हणून येते. आमच्या बैठकीत मात्र इथे दोन मिनिटं कोणी बोललं नाही.

रात्री आजी नातींना वरच्या जगाच्या गोष्टी सांगते. आपण पाताळाच्या, नागलोकाच्या गोष्टी सांगतो ना, तशी ती आपली सांगते. जहाजं, गावं, माणसं, जनावरं. वर म्हणे फुलांना वास असतो, समुद्रात तो नसतो. आणि वर झाडांमध्ये मासे असतात आणि ते गातात. मासे म्हणजे पाखरं. पण पोरींनी पाखरू कधी पाहिलेलंच नाही, तेव्हा आजी त्यांना मासेच म्हणते. अंगणवाडीच्या ताईंनी ही जागा उचलून धरली. म्हणाल्या, शिकवायचं ते असं, ज्याला जे माहीत आहे तिथून सुरुवात.

पंधरा वर्षं पूर्ण झाली की मुलीला पाण्यावर जाऊन वरचं जग बघायची मुभा. बहिणी एकेक वर्षाच्या अंतराच्या, त्यामुळे दर वर्षी एक जाते आणि परत येऊन सांगते. थोरली चांदण्यात वाळूवर पडून शहराचे दिवे बघते. दुसरी मावळतीचं आकाश आणि हंसांचा थवा बघते. तिसरी धीट, ती नदीतून आत शिरते, तिथे पाण्यात डुंबणारी लहान मुलं तिला दिसतात, पण एक काळं कुत्रं भुंकतं आणि ती घाबरून पळते. चौथी किनाऱ्याकडे फिरकतच नाही. पाचवीचा वाढदिवस हिवाळ्यात, तिला बर्फाचे डोंगर तरंगताना दिसतात. काही दिवस कौतुक होतं, मग सगळ्या म्हणतात आपलं घरच बरं.

याच भागात एक गोष्ट येते, जी आम्हाला पुढच्या सगळ्यापेक्षा जास्त लागली. वादळ येणार असलं की या बहिणी एकमेकींच्या हातात हात घालून वर जातात आणि जहाजापुढे गातात. गोड आवाजात खलाशांना सांगतात, की समुद्राच्या तळाला घाबरू नका, तिथे फार सुंदर आहे. खलाशांना ते शब्द कळत नाहीत. त्यांना वाटतं हा वाऱ्याचा आवाज आहे. आणि तळाचं सौंदर्य त्यांना दिसतही नाही, कारण तिथे पोचेपर्यंत ते बुडून मेलेले असतात. बायका एका सुरात बोलतात आणि ऐकणाऱ्याला वारा वाहतोय असं वाटतं. ग्रामसभेत विषय मांडून आलेल्या आमच्या एका ग्रामसंघाच्या अध्यक्ष म्हणाल्या, "हे आपलंच."

पुढचं भराभर सांगतो. धाकटीची पाळी येते. तिला जहाजावर एक राजपुत्र दिसतो, त्याचा सोळावा वाढदिवस चालला आहे. वादळात जहाज फुटतं. ती त्याला रात्रभर पाण्यावर धरून ठेवते आणि सकाळी एका देवळाजवळ किनाऱ्यावर ठेवते. तिथली एक मुलगी त्याला बघते, लोक जमतात, तो शुद्धीवर येऊन सगळ्यांकडे बघून हसतो. हिच्याकडे नाही. कोणी वाचवलं हे त्याला माहीतच नाही. ती खडकाआडून बघते आणि खाली निघून जाते.

मग ती आजीला विचारते, की माणसं बुडाली नाहीत तर कायमची जगतात का? आजी सांगते, माणसंही मरतात, आपल्यापेक्षा लवकरच मरतात. आपण तीनशे वर्षं जगतो, पण मेलो की पाण्यावरचा फेस होतो, संपलं. आपल्याला आत्मा नाही. माणसाला आत्मा आहे, तो मागे राहतो. आपल्याकडे मुंगीलाही आत्मा मानतात, त्यामुळे बायकांना हे पटेना. पण गोष्ट ख्रिस्ती देशातली आहे, तिथला विचार तो. मत्स्यकन्येला आत्मा मिळायचा एकच मार्ग: एखाद्या माणसाने आईबापापेक्षाही तिच्यावर जास्त प्रेम करावं आणि तिच्याशी लग्न करावं. आणि तसं कधी होणार नाही, आजी म्हणते, कारण आपल्याकडे जी शेपटी सुंदर, ती वर कुरूप धरतात. त्यांना दोन जाडजूड टेकू लागतात, त्यांना ते पाय म्हणतात.

हे आम्ही सविस्तर सांगतोय त्याला कारण आहे. पिक्चर बघून वाटतं, पोरगी एका देखण्या मुलासाठी वेडी झाली. मूळ गोष्टीत तिला तो मुलगा हवाच आहे, पण त्याच्याबरोबर आणखी काही हवं आहे. आपण मेल्यावर आपलं काहीतरी उरावं, फेस होऊन विरून जाऊ नये. ही इच्छा आम्हाला वेडेपणाची वाटत नाही. घरच्या कोणत्याच कागदावर जिचं नाव नाही, अशी बाई गेली तर मागे काय राहतं, हे आपण बघतो.

आता व्यवहाराकडे येऊ. हा भाग आम्ही एकाच बैठकीत पुरा केला आणि त्या दिवशी बैठक रात्री साडेनऊला संपली.

समुद्रात एक चेटकीण राहते. तिच्या घराकडे जायची वाट भोवऱ्यांतून आणि उकळत्या चिखलातून. आजूबाजूला अर्धं झाड अर्धं जनावर अशी झुडपं, जे हाताला येईल ते पकडून ठेवणारी. कोणाच्या फांदीत बुडालेल्या माणसाचा सांगाडा, कोणात जहाजाची पेटी. एकीत तर त्यांनीच गळा आवळून मारलेली छोटी मत्स्यकन्या. आपली पोरगी केस घट्ट बांधते आणि मधून पोहत जाते. चेटकिणीचं घर बुडालेल्यांच्या हाडांचं. ती बेडकाला स्वतःच्या तोंडातून खाऊ घालते आणि पाणसापांना लाडाने पिल्लं म्हणते.

मैत्रिणींनो, ही चेटकीण एक शब्दही खोटं बोलत नाही. सगळ्या अटी समोर मांडते. पाय मिळतील, पण शेपटी दुभंगताना तलवार फिरल्यासारखं होईल. चालशील डौलात, पण प्रत्येक पाऊल धारदार सुरीवर पडल्यासारखं दुखेल. एकदा माणूस झालीस की परत मत्स्यकन्या होता येणार नाही, बापाच्या वाड्यात, बहिणींकडे परत येता येणार नाही. राजपुत्राने दुसरीशी लग्न केलं तर दुसऱ्या दिवशी सकाळी तुझं काळीज फुटेल आणि तू फेस होशील. आणि या सगळ्याचा मोबदला: तुझा आवाज. समुद्रात सगळ्यांत गोड आवाज हिचा. तो द्यायचा. म्हणजे जीभ कापून द्यायची. पोरगी विचारते, की आवाज दिला तर माझ्याकडे राहील काय? चेटकीण सांगते, रूप राहील, चाल राहील, बोलके डोळे राहतील. एवढ्यावर माणसाचं मन जिंकता येईलच की.

आणि पोरगी हो म्हणते.

इथे आमच्यात तट पडले. एका आजींचं म्हणणं, चेटकिणीला दोष देऊ नका. दारात येऊन गोड बोलून, कोऱ्या फॉर्मवर अंगठे घेऊन जाणारे लोक आपण पाहिलेत, त्यांच्यापेक्षा ही बरी, सगळं सांगून तरी घेते. कॉलेजात जाणारी एक सून म्हणाली, "मुलगी पंधरा वर्षांची आहे. आपल्या कायद्यात अठरा वर्षांखालच्या मुलीने केलेला करार धरतच नाहीत. सांगितलं म्हणून काय झालं?" दोघींचं बरोबर आहे. आमच्या गटाच्या सचिव मात्र वेगळ्याच मुद्द्यावर अडून बसल्या, आणि आम्हाला तोच सगळ्यात पक्का वाटला. त्या म्हणाल्या, गटातून कर्ज घेतलं की हप्ते फिटतात आणि आपण मोकळ्या होतो. दागिना गहाण ठेवला तरी तो सोडवता येतो. या सौद्यात आवाज सोडवून आणायची अटच नाही. लग्न झालं तरी आवाज चेटकिणीकडेच राहणार. मग हे कर्ज कसलं? ही तर विक्री.

आणखी एक. ती आवाज देते, आणि नेमकी ज्या कामासाठी जाते त्या कामाला आवाजच लागणार असतो. बैल विकून नांगर आणावा तसा हा सौदा. तुला मीच वाचवलं, हे एक वाक्य बोलता आलं असतं तर पुढची गोष्ट घडलीच नसती.

याच बैठकीत हक्कसोडपत्राचा विषय निघाला. आम्ही काढला नाही, बायकांनी काढला. २००५ च्या दुरुस्तीनंतर हिंदू कुटुंबात वडिलोपार्जित जमिनीत मुलीचा मुलाइतकाच हिस्सा आहे, हे आता बहुतेकींना माहीत असतं. तरी भाऊबीजेच्या आसपास, नाहीतर वडिलांचं वर्षश्राद्ध झालं की, कागद पुढे येतो. ताई, एक सही कर, नुसती औपचारिकता आहे. सही केली तर माहेर राहतं, नाही केली तर माहेर तुटतं, असं म्हणतात. दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात हक्कसोडपत्र एकदा नोंदलं की ते मागे घेणं फार अवघड. आम्ही कोणाला सही कर किंवा करू नको असं सांगत नाही. भावाची परिस्थिती खरोखर बेताची असते, बहिणीचं मन मोठं असतं, तो तिचा प्रश्न. आमचं म्हणणं एवढंच होतं, की काय देतोय आणि बदल्यात काय राहतंय हा प्रश्न त्या पोरीने निदान विचारला तरी. आपणही विचारावा. आमच्यातल्या एकीकडे तसा कागद त्या वेळी पिशवीतच होता. तिने तो काढून शिकलेल्या सुनेकडून मोठ्याने वाचून घेतला. तीन गट क्रमांक होते, तिला एकच माहीत होता.

गोष्टीकडे परत. पोरगी किनाऱ्यावर येते, औषध पिते, पाय मिळतात. राजपुत्र तिला वाड्यात नेतो. तिथे गाणाऱ्या दासी असतात, तो त्यांच्यासाठी टाळ्या वाजवतो, आणि ती मनात म्हणते, मी याहून किती छान गायचे. मग ती नाचते. पाय सुऱ्यांवर, आणि सगळे वाहवा करतात. राजपुत्र तिला लाडाने सापडलेली पोर म्हणतो. त्याच्या दाराबाहेर मखमली उशीवर झोपायची तिला परवानगी मिळते. घोड्यावरून हिंडायला तो तिला पुरुषी कपडे शिवतो. डोंगर चढताना तिच्या पायांतून रक्त येतं, लोकांनाही ते दिसतं, आणि ती हसत चढते. प्रेम आहे त्याचं, पण पाळलेल्या जीवावर असतं तसं.

रात्री सगळे झोपले की ती पायऱ्या उतरून समुद्रात पाय बुडवून बसते. तेव्हा बहिणी येतात, हातात हात घालून. रोज. एका रात्री लांबवर आजी दिसते. ती कित्येक वर्षांत पाण्यावर आलेली नव्हती. शेजारी मुकुट घातलेला राजा. किनाऱ्याजवळ यायचा त्यांना धीर होत नाही, लांबूनच हात पुढे करतात. हे वाचताना आमचाही आवाज जरा बसला. लेकीच्या सासरच्या वेशीपर्यंत येऊन मागे फिरणारे बाप आपल्याकडे कमी नाहीत.

राजपुत्र एकदा तिला सांगतो, की मला वाचवणारी देवळातली एक मुलगी होती, तू थोडी तिच्यासारखी दिसतेस. ती समोर बसून ऐकते. इथे एका नवसाक्षर मावशींनी विचारलं, "लिहायला येत नव्हतं का तिला?" सगळ्याजणी गप्प. खरंच, वाळूवर दोन ओळी लिहिल्या असत्या तरी चाललं असतं. गोष्टीत तिच्या लिहिण्या-वाचण्याचा उल्लेखच नाही. वाडा आहे, बाग आहे, गाणं आहे, दागिने आहेत, अक्षरांचं काही नाही. या मावशी साठीच्या घरात सही शिकल्या. त्यांना ही फट दिसली, आम्हा बीए झालेल्यांना दिसली नव्हती.

शेजारच्या राजाची मुलगी बघायला जातात, तर ती नेमकी देवळातली मुलगी निघते. लग्न ठरतं. नवरीच्या झग्याचा घोळ आपली पोरगी मागून धरून चालते. त्या रात्री जहाजावर नाचगाणं चालू असताना पाण्यातून बहिणी वर येतात. डोक्यावर केस नाहीत. आपले लांब केस चेटकिणीला देऊन त्यांनी एक सुरी आणली आहे. सूर्य उगवायच्या आत ती राजपुत्राच्या काळजात खुपस, त्याचं रक्त पायांवर पडलं की शेपटी परत येईल. त्या सांगतात, की आजीचेही पांढरे केस दुःखाने गळून गेले. जी सोडवणूक करारात नव्हती, ती या पाच जणींनी केस देऊन आणली. एकटीने जाऊन केलेला सौदा आणि पाच जणींनी मिळून केलेला सौदा, यातला फरक आमच्या गटात कोणी समजावून सांगितला नाही, पण सगळ्या एकदम "बघा" म्हणाल्या.

पोरगी सुरी घेऊन तंबूत जाते, दोघांना झोपलेलं बघते, आणि सुरी समुद्रात भिरकावते. पाणी लाल दिसतं. मग स्वतः उडी टाकते.

इथे थांबून आम्ही विचारलं, की तिने बरोबर केलं का? उत्तर एकमताने आलं, की त्याचा दोष नव्हता, त्याला काही ठाऊकच नव्हतं. नवी नवरीही निर्दोष. जिने स्वतः जीव धोक्यात घालून ज्याला वाचवलं, त्यालाच कसं मारणार?

शेवट मात्र आमच्यातल्या बऱ्याच जणींना रुचला नाही. ती फेस होते पण मरत नाही. वाऱ्याच्या मुलींमध्ये सामील होते. या मुली उष्ण देशांत गार वारा नेतात, फुलांचा वास पसरवतात. अशी तीनशे वर्षं सत्कर्मं केली की त्यांना स्वतःच्या बळावर आत्मा मिळतो, कोणाच्या लग्नाची गरज नाही. इतपत ठीक. त्यापुढे लेखक म्हणतो, की घरात गुणी मूल दिसलं की एक वर्ष कमी होतं आणि वाईट मूल बघून रडावं लागलं की प्रत्येक अश्रूमागे एक दिवस वाढतो. हे म्हणजे पोरांना दटावण्यासाठी मागून जोडलेलं शेपूट, असं आमचं मत. एवढं सोसलेल्या बाईची शिक्षा शेजारच्या पोरांच्या वागण्यावर कशाला टांगायची?

लेखकाबद्दल थोडं सांगितलं पाहिजे. अँडरसन १८०५ साली ओडेन्स गावात जन्मला. बाप चांभारकाम करायचा, तो लवकर वारला. आई लोकांचे कपडे धुवायची. पुढे त्याने नदीच्या थंड पाण्यात उभं राहून धुणं धुणाऱ्या एका बाईची गोष्ट लिहिली, ती आपल्या आईला आठवून. चौदाव्या वर्षी तो एकटाच कोपनहेगनला गेला. गळा गोड होता म्हणून तिथल्या मोठ्या नाट्यगृहात त्याला गाणं शिकायला घेतलं. मग वयात येताना त्याचा आवाज फुटला आणि गाणं बंद पडलं. मोठ्या घरांत ऊठबस असूनही तो आयुष्यभर थोडा परकाच राहिला, लग्नही झालं नाही. मत्स्यकन्येच्या गळ्याची गोष्ट त्याने कुठून आणली असेल, याचा विचार तुम्हीच करा.

त्या मत्स्यकन्येचा कांस्याचा पुतळा कोपनहेगनच्या बंदरात दगडावर बसवलेला आहे, १९१३ सालापासून. उंची जेमतेम चार फूट. दुरून लोक तो बघायला येतात. त्यानंतर दोन वर्षांनी, १९१५ साली, त्या देशातल्या बायकांना देशाच्या निवडणुकीत मताचा हक्क मिळाला. १९६४ साली कोणीतरी त्या पुतळ्याचं डोकं करवतीने कापून नेलं. नवीन बसवावं लागलं.

आणि पोरींनी पाहिलेला तो पिक्चर डिस्ने कंपनीचा, पहिला १९८९ सालचा. त्यात आजीच नाही. जीभ कापत नाहीत, आवाज शिंपल्यात बंद करतात आणि शेवटी तो परत मिळतो. लग्नही होतं. मुलांसाठी ते बरंच आहे, आम्ही त्याच्यावर रागावलेलो नाही. गंमत म्हणजे पिक्चरमधली मुलगी चेटकिणीच्या कागदावर चक्क सही करते. म्हणजे तिला लिहिता येतं, तरी राजपुत्राला चार ओळी लिहून दाखवायचं तिच्या डोक्यात येत नाही. आमच्या मावशींना हे सांगितल्यावर त्या कपाळावर हात मारून घेत म्हणाल्या, "आणि कागद वाचला होता का तिने?" नव्हता वाचला.

गोष्टीची आम्ही हाताने लिहून काढलेली प्रत ग्रामसंघाच्या पेटीत ठेवली आहे, वही क्रमांक दोनच्या शेजारी. वाचायला घरी न्यायची असेल तर नोंदवहीत सही करून न्या. पुढच्या बुधवारी याच वेळेला सातबारा कसा वाचायचा ते घेणार आहोत, तेव्हा ज्यांच्याकडे आपल्या माहेरचा किंवा सासरचा उतारा असेल त्यांनी तो हाताशी ठेवून रेडिओ लावावा. रामराम.